कानात थेंब टाकण्याआधी: बाह्यकर्णाचा संसर्ग आणि औषधाचा सुरक्षित वापर

मे महिन्याच्या सुट्टीत परभणी जिल्ह्यातल्या गावोगावी मुले पाठीला डबा बांधून विहिरीत पोहायला शिकतात. गोदाकाठच्या पाथरी, सोनपेठ, गंगाखेड, पालम या भागांत नदीवर डुंबणे असते. मग पाऊस सुरू होतो आणि हवा दमट होते. कानाची नळी सतत ओली राहिली, आतला मेणचट मळाचा थर निघून गेला आणि त्यात आगकाडीने किंवा पिनेने कोरले, की जंतूंना वाट मिळते. कान खाजतो, ठणकतो, थोडे पाणी येते. घरात कोणीतरी म्हणते, "कान फुटला." आणि फडताळातून मागच्या साली आजीसाठी आणलेली थेंबांची बाटली बाहेर निघते.

धोका त्या बाटलीत आहेच, पण "कान फुटला" या शब्दांतही आहे. कानातून काहीही वाहिले की आपण हेच म्हणतो. प्रत्यक्षात त्यामागे दोन वेगळे आजार असू शकतात, आणि एकाला चालणारे औषध दुसऱ्याला घातक ठरू शकते.

पडद्याच्या अलीकडे की पलीकडे?

कानाच्या छिद्रापासून पडद्यापर्यंतची नळी म्हणजे बाह्यकर्णाचा भाग. मोठ्या माणसात ती साधारण अडीच सेंटिमीटर लांब असते. तिच्या कातडीला संसर्ग झाला तर कानाची पाळी ओढल्यावर किंवा छिद्रासमोरचा छोटा उंचवटा दाबल्यावर जोरात दुखते. स्राव थोडाच असतो. बुरशी असेल तर दुखण्यापेक्षा खाज जास्त, कान बंद झाल्यासारखा वाटतो आणि आत ओल्या कागदासारखा लगदा किंवा काळे ठिपके दिसतात. पावसाळ्यात बुरशीचे रुग्ण बरेच असतात.

पडद्याच्या पलीकडे मध्यकर्ण असतो. तिथे पू झाला आणि पडद्याला भोक पडले, की चिकट, तारेसारखा, कधी घाण वासाचा स्राव येतो. बहुतेकदा तो सर्दीनंतर सुरू होतो किंवा लहानपणापासून अधूनमधून येत असतो. पाळी ओढली तरी फारसे दुखत नाही. ऐकू मात्र कमी येते. लहान मूल रात्रभर कान धरून रडले आणि सकाळी कान वाहू लागताच शांत झाले, तर पडदा फुटून दाब उतरला असण्याची शक्यता जास्त.

या खुणांवरून अंदाज येतो, खात्री होत नाही. खात्री करायची तर डॉक्टरांनी ऑटोस्कोपने आत पाहावे लागते. त्यासाठी दरवेळी मोठ्या शहरात जायला हवे असे नाही. परभणीच्या जिल्हा रुग्णालयात किंवा ऑटोस्कोप असलेल्या जवळच्या डॉक्टरांकडे हे काम होते. "थेंब लिहून द्या" म्हणण्याआधी "पडदा शाबूत आहे का?" असे विचारा.

हा प्रश्न एवढा महत्त्वाचा का?

जेंटामायसिन, निओमायसिन, टोब्रामायसिन ही एका गटातली प्रतिजैविके कानाच्या थेंबांत असतात. पडदा शाबूत असेल तर ती नळीतच राहतात आणि आपले काम करतात. पडद्याला भोक असेल तर ती मध्यकर्णात उतरतात आणि तिथून आंतरकर्णापर्यंत पोहोचू शकतात. ऐकण्याच्या आणि तोल सांभाळण्याच्या नाजूक पेशी तिथे असतात. त्या मेल्या की पुन्हा तयार होत नाहीत. थोड्या दिवसांच्या वापरात प्रत्येकाचे असे होते असे नाही, पण झालेले नुकसान भरून येत नाही. म्हणून भोक असल्यास किंवा नुसती शंका असली तरी डॉक्टर सहसा सिप्रोफ्लॉक्सासिन किंवा ऑफ्लॉक्सासिनचे थेंब निवडतात.

थेंब टाकल्यावर घशात कडू चव आली, तर औषध पडद्यातून पलीकडे गेले असे समजा. ते थांबवून डॉक्टरांना कळवा.

दुसरी चूक बुरशीच्या बाबतीत होते. केवळ प्रतिजैविकाच्या थेंबांनी बुरशी जात नाही. उलट तिला रोखणारे जंतू मेल्याने ती फोफावते. तिच्यासाठी क्लोट्रिमाझोलसारखे औषध लागते, आणि आधी डॉक्टरांकडून कान साफ करून घ्यावा लागतो. लगदा तसाच राहिला तर औषध कातडीपर्यंत पोहोचतच नाही.

तिसरी बाटली मळ मऊ करण्याच्या थेंबांची. ती बऱ्याच घरांत असते. हे थेंब संसर्गावरचे औषध नाही, आणि कान वाहत असताना ते टाकू नयेत. काही थेंबांत लिग्नोकेन हे बधिर करणारे द्रव्यही असते. त्याने दुखणे दबते आणि आजार बरा होतोय असे वाटते. ठणका कमी झाला म्हणजे संसर्ग गेला, असे धरून चालू नका.

बाटलीच्या वेष्टणावर उभी लाल रेघ असेल, तर ते औषध डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय घ्यायचे नाही. मेडिकलवाल्याला ओळखीवर मागितले तर तो देईलही, पण कानात डोकावून पाहण्याचे साधन त्याच्याकडे नसते.

थेंब टाकण्याची रीत

हात धुवा. बाहेर आलेला स्राव स्वच्छ कापसाने टिपून घ्या. कापसाची काडी आत घालू नका. बाटली तीन-चार मिनिटे मुठीत धरा. गार थेंब पडले की आंतरकर्णातला द्रव हलतो आणि घर फिरल्यासारखी चक्कर येते, म्हणून औषध अंगाच्या उबेइतके हवे. बाटली गॅसवर, गरम पाण्यात किंवा उन्हात मात्र ठेवू नका. "वापरण्यापूर्वी हलवा" असे लिहिले असेल तर हलवा.

दुखरा कान वर करून कुशीवर झोपा. मोठ्यांची पाळी वर आणि मागे ओढा. तीन वर्षांखालील मुलांची खाली आणि मागे. त्याने वाकडी नळी सरळ होते. सांगितले तेवढेच थेंब नळीच्या कडेने सोडा. टोक कानाला लागू देऊ नका, नाहीतर जंतू बाटलीत जातात. मग छिद्रासमोरचा उंचवटा चार-पाच वेळा हलकेच दाबा आणि पाच मिनिटे तसेच पडून राहा. लगेच उठले की औषध उशीवर येते. स्वतःला टाकताना अंदाज चुकतो, तेव्हा घरातल्या कोणाला तरी टाकायला सांगा.

नळी इतकी सुजलेली असेल की थेंब बाहेरच ओघळतात, तर जास्त थेंब टाकून उपयोग नाही. डॉक्टर आत छोटी वात बसवतात. ती औषध शोषून आतपर्यंत नेते.

दोन-तीन दिवसांत उतार पडायला हवा. उतार पडला तरी सांगितलेले दिवस पूर्ण करा: जंतुसंसर्गात बहुधा सात, बुरशीत सुमारे दोन आठवडे. त्यापुढे आपल्या मनाने चालू ठेवू नका. तीन दिवसांत काहीच फरक नसेल तर परत दाखवा. थेंबांनी खाज आणि लाली वाढली, पाळीवर पुरळ उठले, तर औषधाचीच ॲलर्जी असू शकते. निओमायसिनने असे बऱ्याच जणांना होते.

"थेंब नको, इंजेक्शन द्या" असा आग्रह दवाखान्यात नेहमी ऐकू येतो. साध्या बाह्यकर्णाच्या संसर्गात तो चुकीचा आहे. नळीत पडलेल्या थेंबांतून जेवढे औषध त्या कातडीला मिळते, त्याच्या जवळपासही गोळी किंवा इंजेक्शनातून मिळत नाही.

उपचार चालू असताना पोहणे बंद ठेवा. अंघोळीच्या वेळी व्हॅसलीन लावलेला कापूस छिद्रावर ठेवा आणि नंतर लगेच काढा. गरम तेल, लसणाचे तेल, झाडपाल्याचा रस यांपैकी काहीही टाकू नका. भाजण्याचा धोका आहेच, शिवाय डॉक्टरांना पडदाही नीट दिसत नाही.

वाट पाहू नये अशी लक्षणे

मधुमेह असलेल्यांनी कानदुखी साधी समजू नये. त्यांच्यात, विशेषतः उतारवयात, हा संसर्ग नळीतून कवटीच्या हाडात शिरू शकतो. रात्री झोप मोडणारा ठणका, थेंब टाकूनही न थांबणारा स्राव, तोंड एका बाजूला वाकडे होणे, यांपैकी काहीही दिसले तर त्याच दिवशी कान-नाक-घसा तज्ज्ञ गाठावा. कानामागे सूज येऊन पाळी पुढे ढकलली जाणे, ताप, जोराची चक्कर किंवा अचानक ऐकू कमी येणे यांतही सगळ्यांनी तसेच करावे.

बाटली उघडली की तिच्यावर तारीख लिहा. वेगळे काही छापलेले नसेल तर चार आठवड्यांनी ती टाकून द्या, औषध उरले असले तरी. एकाची बाटली दुसऱ्याला नको. आणि ती डोळ्यांच्या थेंबांशेजारी ठेवू नका. डोळ्यांचे काही थेंब डॉक्टर कानासाठी लिहून देतात, पण फक्त कानासाठी बनवलेला थेंब डोळ्यात कधीच टाकायचा नाही. चुकून गेलाच तर डोळा भरपूर स्वच्छ पाण्याने धुवा आणि बाटली सोबत घेऊन दवाखाना गाठा.