कुलूप टिकले, किल्ली हरवली

घराला कुलूप लावले की चोरी टळते. पण संगणकाच्या प्रोग्रामची नक्कल केली तरी मूळ प्रत मालकाकडेच राहते. मग कुलूप लावायचे कशाला?

या प्रश्नाचे एक उत्तर १९८० साली इंग्लंडमध्ये निघाले. कमोडोर पेट या संगणकावर मजकूर लिहिण्यासाठी 'वर्डक्राफ्ट' नावाचा प्रोग्राम होता. त्याच्यासोबत राळेत बंद केलेला सुमारे दोन इंचांचा ठोकळा येई. कॅसेट रेकॉर्डर जोडण्याच्या जागी तो बसवायचा. त्या जोडणीतूनच ठोकळ्याला वीज मिळे आणि तो ठरावीक क्रमाने संदेश देई. संदेश जुळला तरच प्रोग्राम चाले. तबकडीची नक्कल सोपी, ठोकळ्याची अवघड, एवढेच या युक्तीचे मर्म. दुसरे बरे नाव न सुचल्याने त्याला 'डाँगल' म्हटले गेले.

पुढे पीसीवर डाँगल प्रिंटरच्या पोर्टवर बसू लागला आणि प्रिंटरची केबल त्याच्या पाठीत जाऊ लागली. आपल्याकडे मराठी अक्षरजुळणीच्या काही प्रोग्रामबरोबरही असे 'लॉक' येई. नंतरच्या डाँगलमध्ये गुप्त संख्या जपणारी चिप आली. प्रोग्राम दर वेळी नवा प्रश्न विचारतो, त्यामुळे जुने उत्तर टिपून ठेवून उपयोग होत नाही.

खरी अडचण मात्र नंतर आली. १९९६ साली यूएसबीचे पहिले मानक प्रसिद्ध झाले आणि पुढील काही वर्षांत नव्या संगणकांवरून प्रिंटरचे जुने पोर्ट नाहीसे झाले. ३२ बिटांच्या विंडोजसाठी लिहिलेला ड्रायव्हर ६४ बिटांच्या विंडोजवर चालत नाही. काही डाँगलमध्ये घड्याळ व बॅटरी असते, तीही संपते. म्हणजे प्रोग्राम शाबूत, पैसे भरलेले, तरी काम बंद!

अमेरिकेत १९९८ च्या कायद्याने अशी कुलुपे तोडण्यास बंदी घातली. पण डाँगल बिघडलेला व कालबाह्य असल्यास सूट द्यावी, असे २००३ साली तेथील काँग्रेस ग्रंथालयाच्या प्रमुखांनी ठरवले. प्रामाणिक ग्राहकाची कोंडी होते हे त्यातून मान्य झाले.

आपण काय करावे? प्रत्येक डाँगलवर प्रोग्रामचे नाव व खरेदीची तारीख लिहावी. ड्रायव्हरची प्रत जपावी. संगणक बदलण्यापूर्वी विक्रेत्याकडे चौकशी करावी. मुख्य म्हणजे, आपले काम दुसऱ्या प्रोग्रामलाही वाचता येईल अशा स्वरूपात साठवावे. प्रोग्राम विक्रेत्याचा असला, तरी त्यात लिहिलेली प्रश्नपत्रिका आपलीच असते.