हिबर्ट, टूट्स
(८ डिसेंबर १९४२–११ सप्टेंबर २०२०). जमेकन गायक व गीतकार. मूळ नाव फ्रेडरिक. जन्म मे पेन येथे. किंग्स्टन येथे रॅली गॉर्डन व जेरी मथायस यांच्यासह त्याने ‘द मेटाल्स’ हे गायकत्रय स्थापन केले. १९६६ मध्ये त्यांनी राष्ट्रीय गीतस्पर्धा जिंकली. परंतु लवकरच गांजा बाळगल्याच्या आरोपावरून हिबर्टला कारावास घडला. या अनुभवावरील त्याचे ‘५४-४६’ हे गीत गाजले. ‘डू द रेगे’ (१९६८) या गीताने नव्या संगीतप्रकाराच्या नावास प्रसिद्धी दिली. प्रमुख गायकाची आर्त हाक व साथीदारांचा प्रतिसाद ही चर्चमधील गायनरीत त्याने रेगे संगीतात रुजविली. ‘ट्रू लव्ह’ (२००४) या ध्वनिमुद्रिकेस ग्रॅमी पारितोषिक मिळाले. किंग्स्टन येथे त्याचे निधन झाले.