समांतर चित्रपट आणि भास्कर चंदावरकर

ज्याचा जन्म जिनिंग कारखान्यांच्या फाटकापाशी गेला त्याने संगीतावर बोलावे, याचे काहींस नवल वाटेल. मला स्वर कळत नाहीत. काम मात्र कळते. चंदावरकरांचे काम कोणते, एवढेच आज सांगावयाचे आहे.

रविशंकरांपाशी सतार शिकलेला हा माणूस १९६५ पासून १९८० पर्यंत पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संगीत शिकवीत होता. १९६० साली स्थापन झालेल्या फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कर्जावर पुढे जे थोड्या पैशांचे चित्रपट निघू लागले, त्यांचे कर्ते पुष्कळसे याच संस्थेतले. कुमार शहानी तिथलेच; त्यांच्या १९७२ च्या 'माया दर्पण'ला संगीत चंदावरकरांचे.

बाजारी सिनेमात गाणी आधी आणि कथा मागाहून. इथे उलट. चित्र जुळून तयार होते, मग संगीतकार बसतो. पस्तीस मिलिमीटरची फीत मिनिटाला ९० फूट धावते. कोणत्या फुटावर वाद्य सुरू व्हावे, कुठे थांबावे, हे मोजून ठरवावे लागते. आणि कुठे वाजवूच नये, हेही. दाराची कडी, पावलांचा आवाज यांनाही जागा ठेवावी लागते. कापूस दाबणाऱ्या प्रेसइतके हे काम मापाचे आहे.

'सामना' घ्या. साल १९७५. निर्माते रामदास फुटाणे, जामखेडचे चित्रकला शिक्षक. लेखन तेंडुलकरांचे, दिग्दर्शन जब्बार पटेलांचे. साखर कारखान्याचा धनी असलेला हिंदुराव आणि नाहीशा झालेल्या मारुती कांबळेची चौकशी सोडीत नसलेला एक दारुडा मास्तर. आरती प्रभूंचे गीत रवींद्र साठ्यांच्या आवाजात येते, ओझे एकाचे आणि खांदा दुसऱ्याचा असे. ते करमणुकीसाठी येत नाही. मास्तरचाच प्रश्न ते पुढे नेते. याच चित्रपटात लताबाईंचेही गाणे आहे. एकाच माणसाने दोन्ही बांधली, हे ध्यानात घ्यावे.

पुढच्याच वर्षी इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी सहकारी संस्था काढून, बँकेचे कर्ज घेऊन 'घाशीराम कोतवाल' पडद्यावर आणले. संगीत पुन्हा चंदावरकरांचे. नाटकालाही त्यांचेच होते. चित्रपट चालला नाही. पण सहकार साखरेपुरताच नसतो, हे त्या पोरांनी दाखविले खरे. कन्नडातील 'वंशवृक्ष', मल्याळममधील 'स्वप्नाडनम्', मृणाल सेनांचा 'खंडहर' ही यादी पुष्कळ लांबविता येईल.

तीसेक वर्षांमागे कामगारांच्या बैठकीनंतर आम्ही व्हिडिओवर 'सामना' दाखविला. संपल्यावर एका हमालाने विचारले, "भाऊ, हे गाणं बांधलं कोणी?" हजेरीपत्रकात प्रत्येकाचे नाव लागलेच पाहिजे म्हणून मालकाशी भांडणारा मी, मला नाव सांगता आले नाही. सगळे गेल्यावर मी टेप मागे फिरविली आणि सुरुवातीची नावे पुन्हा वाचीत बसलो.