शर्यत गेली, रस्ता राहिला

आज जाऊया न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडला. साल १९०४. विल्यम व्हँडरबिल्ट ज्युनियर या श्रीमंत तरुणाने चांदीचा कप ठेवला आणि गावागावांतून जाणाऱ्या साध्या रस्त्यांवर मोटारींची शर्यत भरवली. ड्रायव्हरशेजारी मेकॅनिक बसायचा. पहिल्याच शर्यतीत असा एक मेकॅनिक गेला.

तरी गर्दी वाढतच गेली. लोक थेट रस्त्यावर उभे, गाडी अंगावर आली की बाजूला व्हायचे! १९०६ मध्ये एका प्रेक्षकाचा जीव गेला. १९०७ ला शर्यतच झाली नाही.

मग व्हँडरबिल्टने काय केलं? सरळ स्वतःचा रस्ता बांधायला घेतला. काँक्रीटचा, फक्त मोटारींसाठी, आडव्या रस्त्यांसाठी पूल. नाव लाँग आयलंड मोटर पार्कवे. १९०८ ची शर्यत काही अंतर याच रस्त्यावर धावली आणि लोकोमोबिल जिंकली, हा कप जिंकणारी पहिली अमेरिकन गाडी.

पण बाकीची शर्यत साध्या रस्त्यांवरच होती ना! १९१० मध्ये आणखी दोन मेकॅनिक गेले. न्यूयॉर्क राज्याने रस्त्यावरच्या शर्यतींवर बंदी घातली. पार्कवे मात्र १९३८ पर्यंत टोल घेत चालला.

पुढच्या वेळी टोलनाक्यावर थांबाल, तेव्हा त्या मेकॅनिकांची आठवण काढा. भेटू पुढच्या भागात!