पराभूतांची पोथी

स्पॅनिश लोकांनी १५२१ साली ॲझ्टेकांची राजधानी जिंकली. पुढे १५४५ साली आलेल्या साथीत मेक्सिकोतील असंख्य माणसे दगावली. जाणती माणसे गेली की त्यांची विद्याही जाते. म्हणूनच मार्तीन दे ला क्रूस या देशी वैद्याने सांगितलेल्या आणि हुआन बादियानोने लॅटिनमध्ये उतरविलेल्या १५५२ च्या पोथीचे मोल मोठे आहे. अडलेल्या बाळंतिणीस द्यावयाच्या औषधात ओपॉसम या पिशवीधारी प्राण्याची शेपटी घालावी, असे तीत सांगितले आहे. देवापुढे धूप म्हणून जाळली जाणारी कोपाल ही झाडाची राळही त्या वैद्यांच्या बटव्यात असे. शतकानुशतके युरोपात राहिलेली ही पोथी १९९० साली मेक्सिकोस परत मिळाली. राज्य गेले, देवळे पडली; वैद्याचा बटवा मात्र अक्षरांच्या आश्रयाने तरला.