काडतूस बसते, पण बंदूक पेलते का?

पिस्तुलात किंवा रिव्हॉल्वरमध्ये कोणते काडतूस घालावे, हा प्रश्न एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत आजच्या अर्थाने अस्तित्वातच नव्हता. सॅम्युअल कोल्टने 1836 मध्ये अमेरिकेत पेटंट घेतलेल्या रिव्हॉल्वरमध्ये, म्हणजे कप्प्यांचे चक्र फिरवून एकामागून एक बार काढणाऱ्या हत्यारात, प्रत्येक कप्प्यात मोजून काळी दारू ओतावी लागे, तिच्यावर शिशाची गोळी दाबून बसवावी लागे आणि कप्प्याच्या मागच्या टोकाला ठिणगी देणारी तांब्याची टोपी चढवावी लागे. दारू किती आणि गोळी केवढी, हे वापरणाराच ठरवी. मात्र कप्पा काठोकाठ भरला तरी काळ्या दारूचा जोर सामान्यतः हत्याराला पेलेल इतकाच राही, आणि मऊ शिशाची गोळी थोडी मोठी निघाली तरी कप्प्याच्या कडेला तासली जाऊन आत बसे. 1857 च्या उठावाला निमित्त ठरलेले एनफील्ड रायफलीचे काडतूससुद्धा दारू आणि गोळी यांची कागदी पुडीच होती, टोपी वेगळी लावावी लागे. गोळी, दारू आणि पेटवण्याची सोय या तिन्ही गोष्टी धातूच्या एका पुंगळीत बंद झाल्या तेव्हा वापरणाऱ्याची खटपट वाचली, परंतु पुंगळीच्या आत काय भरले आहे हे पाहण्याचा त्याचा अधिकारही त्याच क्षणी संपला. पिस्तुलाच्या काडतुसाचा पुढचा इतिहास हा बराचसा या न दिसणाऱ्या भागाविषयी खात्री मिळवण्याच्या प्रयत्नांचा इतिहास आहे.

स्मिथ अँड वेसन या अमेरिकन कंपनीने 1857 मध्ये धातूच्या काडतुसाचे पहिले रिव्हॉल्वर विक्रीस आणले. चक्राचा कप्पा मागून पुढपर्यंत आरपार कोरण्याचे रोलिन व्हाइट याचे पेटंट या कंपनीच्या हाती असल्यामुळे ते 1869 मध्ये संपेपर्यंत इतर अमेरिकन कारखानदारांची वाट अडलेली होती. ते संपताच प्रत्येकाने स्वतःचे काडतूस काढले आणि प्रत्येकाने त्याला स्वतःला सोयीचे नाव दिले. इंग्लंड-अमेरिकेतील नावात इंचाचा दशांश अपूर्णांक असे आणि युरोप खंडावरील नावात मिलिमीटर, पण तो आकडा नळीच्या आतील व्यासाचा, गोळीचा की पुंगळीचा, याचा नियम नव्हता. आकड्याला मोजमापाचे रूप होते आणि त्याचे काम मात्र केवळ ओळख पटवण्याचे होते. पुढच्या बहुतेक घोटाळ्यांचे मूळ येथे सापडते.

‘पॉइंट अडतीस’ या नावाचा प्रवास या दृष्टीने फार बोधक आहे. कोल्टचे 1851 चे नेव्ही रिव्हॉल्वर .36 म्हणून ओळखले जाई, पण त्याच्या नळीचा व्यास प्रत्यक्षात .375 इंचाच्या आसपास होता. 1870 च्या दशकात अशी जुनी हत्यारे धातूच्या काडतुसासाठी बदलून घेण्यात आली तेव्हा गोळी बाहेरून पुंगळीइतकीच जाड ठेवली गेली आणि तिचा फक्त मागचा भाग बारीक करून पुंगळीत खोवला गेला, या काडतुसाला .38 म्हटले गेले. पुढे वंगण लावलेली गोळी पूर्णपणे पुंगळीच्या आत बसवण्याची पद्धत आली, त्यासाठी गोळी सुमारे .357 इंचापर्यंत बारीक झाली, पण नाव बदलले नाही. म्हणजे ज्या काडतुसाला जग अडतीस म्हणते त्याच्या गोळीत अडतीस असे काहीच उरलेले नाही. त्यातच स्मिथ अँड वेसनने 1877 मध्ये काढलेले .38 एस अँड डब्ल्यू हे काडतूस आखूड, किंचित जाड पुंगळीचे आणि सुमारे .361 इंच गोळीचे होते, तर त्याच कंपनीचे शतकाच्या अखेरीस आलेले .38 स्पेशल लांब आणि बारीक होते. एकाच कारखान्याची, एकाच आकड्याची ही दोन काडतुसे एकमेकांच्या जागी वापरण्यासाठी बनलेलीच नव्हती. ब्रिटिश सैन्याने पहिल्या महायुद्धानंतर आपले जड .455 रिव्हॉल्वर सोडून हलके हत्यार घेण्याचे ठरवले तेव्हा यांतील आखूड काडतूस निवडले, त्यात 200 ग्रेन वजनाची, म्हणजे सुमारे 13 ग्रॅमची शिशाची गोळी बसवली आणि त्याला .380 असे नाव दिले. हाच .380 आकडा अमेरिकेत शस्त्ररचनाकार ब्राउनिंगच्या छोट्या पिस्तुलाच्या अगदी वेगळ्या काडतुसाला लावला जातो, आणि ते काडतूस जर्मनीत 9 मिलिमीटर कुर्झ म्हणून विकले जाते.

नावांचा हा गोंधळ गैरसोयीचा होता, पण तो जीवघेणा ठरला तो दारू बदलल्यामुळे. फ्रान्समध्ये पॉल व्हिएय याने 1884 मध्ये धूरविरहित दारू सिद्ध केली आणि ब्रिटनने काही वर्षांतच कॉर्डाइट ही आपली जात स्वीकारली. या दारूत काळ्या दारूपेक्षा कितीतरी जास्त ऊर्जा थोड्या जागेत साठवलेली असते, त्यामुळे काळ्या दारूच्या मापाने ती भरणाऱ्याच्या हातात हत्यार फुटण्याचा धोका उभा राहिला, आणि काळ्या दारूसाठी केलेले लोखंड नव्या दाबाला टिकेल याची शाश्वती उरली नाही. कोल्ट कंपनीने आपल्या प्रसिद्ध सिंगल ॲक्शन आर्मी रिव्हॉल्वरला धूरविरहित दारूची हमी 1900 च्या सुमारास दिली. त्याआधी बनलेला नग बाहेरून जवळजवळ तसाच दिसतो, त्यात तेच काडतूस बसते, पण हमी त्याला लागू होत नाही. ब्रिटिशांच्या .455 काडतुसाची पुंगळी 1897 मध्ये आखूड केली गेली, कारण कॉर्डाइटला जुन्या काळ्या दारूएवढी जागा लागत नव्हती आणि कमी जागेत ते अधिक नीट जळत होते.

हत्यार किती दाब पेलेल हे विक्रीआधी तपासण्याची प्रथा मात्र या सर्वांहून जुनी आहे. लंडनच्या बंदूककारांच्या संघाला 1637 मध्ये राजसनद मिळाली, तर बर्मिंगहॅमच्या बंदूककारांसाठी ब्रिटिश संसदेने 1813 मध्ये कायदा करून स्वतंत्र कसोटीगृह स्थापन केले. कसोटीगृहात प्रत्येक नळीतून नेहमीपेक्षा जास्त जोराचा बार मुद्दाम काढला जाई, आणि ती न फुटता, न फुगता टिकली तरच तिच्यावर ठसा उमटे. हा ठसा म्हणजे हत्याराच्या चारित्र्याचा दाखला नव्हे; अमुक जोराच्या बाराला हे हत्यार त्या दिवशी उतरले, एवढीच ती साक्ष आहे. काळ्या दारूच्या काळातला ठसा नंतरच्या दारूविषयी काही सांगत नाही, म्हणूनच कसोटीगृहांना धूरविरहित दारूसाठी निराळे ठसे आणावे लागले. वेगवेगळ्या देशांच्या कसोट्या एका मापाच्या व्हाव्यात म्हणून बेल्जियमच्या पुढाकाराने 1914 मध्ये सीआयपी हा आंतरराष्ट्रीय आयोग स्थापन झाला, आणि अमेरिकेत सरकारच्या सूचनेवरून 1926 मध्ये कारखानदारांची सामी ही संस्था उभी राहिली. काडतुसाची लांबी-जाडी, ते ज्यात बसते त्या चेंबरची मापे आणि आत निर्माण होणाऱ्या दाबाची कमाल मर्यादा हे सर्व या संस्थांनी नावाला जोडून टाकले, आणि तेव्हापासून काडतुसाच्या नावाला मोजमापाचा खरा आधार मिळाला.

तरीही कागदावरची मर्यादा चेंबरमध्ये शिरणाऱ्या काडतुसाला अडवू शकत नाही. इटलीच्या सैन्याचे 1910 चे ग्लिसेंती पिस्तूल 9 मिलिमीटरचे होते आणि त्याचे काडतूस बाह्य मापांनी जर्मन 9 मिलिमीटर पॅराबेलमसारखेच होते, परंतु पिस्तुलाची रचना नाजूक असल्यामुळे त्यात दारूचा जोर मुद्दाम कमी ठेवला होता. पॅराबेलमचे काडतूस ग्लिसेंतीत विनासायास बसते, चाप ओढल्यावर उडते, आणि ज्या दाबासाठी ते पिस्तूल बनलेच नाही तो दाब त्याच्यावर येतो. बसणे आणि पेलणे या दोन गोष्टी किती वेगळ्या आहेत, याचे याहून स्वच्छ उदाहरण मिळणे कठीण आहे. जर्मनीत प्रश्न उलट बाजूने आला. माउझर सी 96 हे पिस्तूल मूळचे 7.63 मिलिमीटरचे, पण 1916 मध्ये प्रशियाच्या सैन्याने त्याची दीड लाख पिस्तुले पॅराबेलमच्या काडतुसासाठी मागवली, आणि एकसारख्या दिसणाऱ्या दोन पिस्तुलांत सैनिकाची गफलत होऊ नये म्हणून नव्याच्या लाकडी मुठीवर लाल रंगात मोठा 9 कोरण्यात आला. धूर आणि घाईगर्दीत सापडलेल्या माणसाला सुरक्षित ठेवण्याचा हा फार समंजस उपाय होता, कारण त्यासाठी त्याला काहीही आठवावे लागत नव्हते.

अमेरिकेत हाच समंजसपणा पुंगळीच्या लांबीत आणला गेला. 1930 च्या सुमारास .38 स्पेशलच्याच मापाची, पण बऱ्याच अधिक जोराची काडतुसे जड बांध्याच्या रिव्हॉल्वरसाठी निघाली, आणि ती हलक्या, जुन्या रिव्हॉल्वरमध्येही बसत असल्यामुळे केवळ छापील इशाऱ्यावर विसंबावे लागे. 1935 मध्ये त्याच दिशेने पुढे जाऊन .357 मॅग्नम आले तेव्हा पुंगळी सुमारे साडेतीन मिलिमीटरने लांब करण्यात आली, जेणेकरून ती .38 स्पेशलच्या चक्रात पूर्ण शिरूच नये. सामीच्या मानकांप्रमाणे .38 स्पेशलची कमाल मर्यादा चौरस इंचाला 17,000 पौंड आहे आणि .357 मॅग्नमची 35,000. म्हणजे या साडेतीन मिलिमीटरांनी दुप्पट दाबाला दाराबाहेर रोखले आहे. मॅग्नमच्या रिव्हॉल्वरमध्ये .38 स्पेशल वापरता येते, उलट वापरता येत नाही, ही आजची सर्वपरिचित सूचना म्हणूनच कोणाच्या स्मरणशक्तीवर नव्हे, तर धातूच्या मापावर उभी आहे. नंतर .38 स्पेशलचाच जास्त दाबाचा प्रकार निघाला तेव्हा मात्र लांबी बदलली नाही, पुंगळीच्या बुडावर ‘प्लस पी’ हा ठसा तेवढा आला. सुरक्षिततेच्या दृष्टीने हे एक पाऊल मागे जाणे होते, असेच म्हणावे लागते.

काम बिघडते ते अशी कुलपे कोणी तासून काढली म्हणजे. दुसऱ्या महायुद्धानंतर ब्रिटिशांची सेवेतून काढलेली .455 वेब्ली रिव्हॉल्वरे अमेरिकेत स्वस्तात विकली गेली, आणि .455 ची काडतुसे तेथे सहज मिळत नसल्यामुळे त्यांच्या चक्राची मागची बाजू कापून ती मुबलक मिळणाऱ्या .45 एसीपी या पिस्तुलाच्या काडतुसासाठी बदलण्यात आली. वेब्लीचे मूळ काडतूस चौरस इंचाला सुमारे 13,000 पौंड दाबाचे, तर .45 एसीपीची मर्यादा 21,000 ची. प्रत्येक बार जवळपास कसोटीगृहातल्या मुद्दाम वाढवलेल्या बाराइतका व्हावा, असा हा बदल होता. अशी अनेक रिव्हॉल्वरे आजही संग्राहकांकडे आहेत, आणि त्यांच्यावरचा मूळ ठसा पाहून विश्वास ठेवणाऱ्याला ती धोका देऊ शकतात.

भारतात या प्रश्नाला कायद्याने निराळेच वळण दिले. खडकीचा दारूगोळा कारखाना 1869 मध्ये स्थापन झाला आणि त्याच्या पुंगळ्यांच्या बुडावरचा ‘केएफ’ हा ठसा आजही भारतीय परवानाधारकाच्या ओळखीचा आहे. 1959 च्या शस्त्र कायद्याखालील 1962 च्या नियमांनी सैन्य व पोलिसांची काडतुसे नागरिकांपासून दूर ठेवण्यासाठी हत्याराच्या आकड्यावर न थांबता, .380 आणि .455 ची काठवाली, म्हणजे बुडाशी बाहेर आलेली कडा असलेली, किंवा 9 मिलिमीटर व .45 ची बिनकाठाची सेवेतील काडतुसे ज्यात बसतात आणि उडतात असे कोणत्याही बोअरचे पिस्तूल वा रिव्हॉल्वर निषिद्ध वर्गात टाकले. कायदा करणाऱ्यांना आकड्यांचा फोलपणा ठाऊक होता, हे या शब्दयोजनेवरून दिसते. नागरिकाच्या वाट्याला त्यामुळे प्रामुख्याने .32 आले, आणि कानपूरच्या सरकारी कारखान्याने वेब्लीच्या .38 रिव्हॉल्वरच्या धर्तीवर .32 चे रिव्हॉल्वर बनवले.

परंतु ‘पॉइंट बत्तीस’ या एका नावाखाली येथे दोन काडतुसे नांदतात. रिव्हॉल्वरचे .32 एस अँड डब्ल्यू लाँग हे 1896 चे, पूर्ण काठाचे, सुमारे 23 मिलिमीटर लांब पुंगळीचे काडतूस आहे; पिस्तुलाचे .32 एसीपी, ज्याला 7.65 ब्राउनिंग असेही म्हणतात, ते 1899 चे, अर्धवट काठाचे आणि सुमारे 17 मिलिमीटर पुंगळीचे आहे. दोन्हींच्या पुंगळीची जाडी जवळजवळ सारखी असल्यामुळे आखूड काडतूस रिव्हॉल्वरच्या कप्प्यात जाते आणि त्याचा अर्धा काठ कप्प्याच्या तोंडाशी अडकूनही राहू शकतो, म्हणजे ते योग्य असल्याचा भास पुरा होतो. पण लाँगची कमाल मर्यादा चौरस इंचाला 15,000 पौंड आहे आणि एसीपीची 20,500. परवान्यावर आणि बोलण्यात नुसते बत्तीस असले, तरी काडतूस घेताना हत्याराच्या नळीवर कोरलेले पूर्ण नाव, खोक्यावरचे नाव आणि पुंगळीच्या बुडावरचा ठसा ही तिन्ही एकमेकांशी जुळवून पाहावी लागतात. वडिलोपार्जित हत्याराच्या बाबतीत तेवढेही पुरत नाही, कारण मधल्या काळात चक्र किंवा नळी बदलली गेली असेल तर कोरलेले नाव जुन्या भागाचे असते. तेथे परवानाधारक शस्त्रकारागिराकडून चेंबर मोजून घेतल्याशिवाय कोणतेही काडतूस योग्य म्हणता येत नाही.