पेशवाई हरली, पण तह कोणाशी झाला?

दरवर्षी १ जानेवारीला आपण जयस्तंभाला मानवंदना द्यायला जातो. १ जानेवारी १८१८ चा दिवस आपल्या कार्यकर्त्यांना तासातासाने पाठ आहे. पण २ जानेवारीपासून पुढे काय झालं, याबद्दल आपल्या भाषणांत, पोस्टरांत आणि रीलमध्ये जवळजवळ काहीच नसतं. जिंकलेला मुलूख कोणाच्या हाती दिला गेला, कोणाचे हक्क शाबूत ठेवले गेले आणि कोणाला पुन्हा वेशीबाहेर उभं केलं, हे प्रश्न मला लढाईपेक्षा मोठे वाटतात. लढाई एका दिवसात संपली, पण तिच्यामागून आलेला बंदोबस्त आपल्या आजोबांच्या सातबाऱ्यापर्यंत येऊन पोहोचला.

सुरुवात शिरूरपासून करू. आज तालुक्याचं ठिकाण असलेलं घोडनदीकाठचं हे गाव तेव्हा कंपनीची छावणी होतं. ती तिथे आली कशी? ३१ डिसेंबर १८०२ रोजी दुसऱ्या बाजीरावाने वसईचा तह केला, कंपनीच्या सहा पलटणी स्वतःच्या राज्यात ठेवून घेतल्या आणि त्यांच्या खर्चासाठी वार्षिक २६ लाख उत्पन्नाचा मुलूख तोडून दिला. त्या तैनाती फौजेचा तळ शिरूरला पडला. म्हणजे परक्या लष्कराचा ताबा इथे १८१८ मध्ये सुरू झाला नाही, पंधरा वर्षं आधीच खुद्द पेशव्याने तो सही करून आणला होता. ‘महार इंग्रजांना जाऊन मिळाले’ असं दरवर्षी डिसेंबरात लिहिणाऱ्यांनी हा तह एकदा वाचावा आणि इंग्रजांना शिरूरला कोणी बोलावलं ते सांगावं. (या छावणीतला कर्नल वॉलेस १८०९ मध्ये मेला. त्याची कबर शिरूरलाच आहे, आणि गावचे लोक त्याला ‘सतपुरुष’ मानून पूजत, अशी नोंद जुन्या गॅझेटियरात आहे. देशभक्ती आणि देशद्रोह हे आजचे शब्द त्या काळाला लावताना एवढं तरी ध्यानात ठेवावं.)

याच छावणीतून ३१ डिसेंबर १८१७ च्या रात्री आठच्या सुमारास कॅप्टन स्टॉन्टन निघाला. बॉम्बे नेटिव्ह इन्फन्ट्रीची सुमारे पाचशे माणसांची पलटण, अडीचशेच्या वर घोडेस्वार आणि दोन तोफा. रात्रभर चालून ते सकाळी भीमेकाठी पोहोचले, तर पलीकडे पेशव्याची सुमारे २८ हजारांची फौज. त्यातली सगळी लढली नाही, दोनेक हजार पायदळ गावात उतरलं. दिवसभर अन्न नाही, पाणी नाही अशा स्थितीत कंपनीच्या शिपायांनी गाव सोडलं नाही. पेशव्याची फौज रात्री निघून गेली आणि स्टॉन्टन आपले जखमी घेऊन शिरूरला परतला. कंपनीची २७५ माणसं मेली, जखमी झाली किंवा बेपत्ता झाली. स्तंभावर कोरलेल्या मृतांच्या नावांत ‘नाक’ प्रत्ययाची २२ नावं आहेत. ही नावं आपली आहेत, आणि त्यांच्या शौर्याला आकडे फुगवण्याची काही गरज नाही. युद्धही त्या दिवशी संपलं नव्हतं. २० फेब्रुवारीला अष्टीला बापू गोखले पडला आणि ३ जून १८१८ रोजी बाजीराव माल्कमला शरण गेला.

आता शरण गेलेल्या बाजीरावाला काय मिळालं ते पाहा. वर्षाला आठ लाख रुपयांचं पेन्शन आणि गंगेकाठी बिठूरला निवास. आणि त्याच्या राज्याचं काय? बाजीराव अजून पळत होता तेव्हाच, ११ फेब्रुवारी १८१८ रोजी, माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने साताऱ्याहून जाहीरनामा काढला. वतनं, इनामं, वर्षासनं, देवस्थानं यांना संरक्षण मिळेल, सर्वांचे धर्म आणि चालीरीती जिथवर न्याय्य असतील तिथवर चालू राहतील, महसुलाचा मक्ता बंद होईल, असं त्यात होतं. हा जाहीरनामा म्हणजे खरा तह. तो कोणाशी झाला हे त्यातल्या शब्दांवरूनच कळतं. इनाम कोणाकडे होतं? वर्षासन कोण खात होतं? चालीरीती चालू राहिल्या तर फायदा कोणाचा? ज्या राजवटीत अस्पृश्यांच्या गळ्यात मडकं आणि कमरेला झाडू होता असं बाबासाहेब लिहितात, ती राजवट बुडाली, पण तिच्या चालीरीतींना नव्या सरकारने हमी दिली.

एल्फिन्स्टन दुष्ट होता असं माझं म्हणणं नाही. तो हुशार राज्यकर्ता होता. दख्खनचा कमिशनर म्हणून त्याच्या हाताखाली मोजके गोरे अधिकारी होते. पुण्याला रॉबर्टसन, नगरला पॉटिंजर, खानदेशात ब्रिग्ज, साताऱ्याला ग्रँट. एवढ्या माणसांनी एवढा मुलूख चालवायचा तर जुन्या कारभाऱ्यांना हाताशी धरणं सोपं. म्हणून पाटील तोच राहिला, कुलकर्णी तोच राहिला, दप्तरातला कारकूनही तोच. सरदारांना पुढे दर्जे ठरवून खास सवलती दिल्या गेल्या. १८२७ च्या दुसऱ्या रेग्युलेशनने दिवाणी कोर्टांनी जातीच्या प्रश्नांत हात घालू नये असं बजावलं. आपण समाजशास्त्रात ‘तटस्थता’ हा शब्द फार वापरतो. विहिरीवर एकाचा पहारा असताना कोर्ट तटस्थ राहिलं, तर ते पहारेकऱ्याच्याच बाजूचं ठरतं.

१८२१ हे एकच वर्ष घ्या. २६ मार्चला भीमेकाठी जयस्तंभाची पायाभरणी झाली. त्याच वर्षी ६ ऑक्टोबरला पुण्यात विश्रामबाग वाड्यात सरकारने संस्कृत पाठशाळा उघडली. पेशवे ब्राह्मणांना जी दक्षिणा वाटत, तिच्याच पैशातून ती चालली, आणि विद्यार्थीही ब्राह्मणच. ज्यांची नावं दगडावर कोरली जात होती त्यांच्या मुलांना तीस किलोमीटरवरच्या या सरकारी शाळेचा उंबरा ओलांडता येत नव्हता. हे अनवधानाने झालं का? नाही. एल्फिन्स्टन पुढे मुंबईचा गव्हर्नर झाला. मिशनऱ्यांना सर्वांत खालच्या जातींतले विद्यार्थीच उत्तम वाटतात, हे त्याने स्वतः लिहून ठेवलं आहे, आणि लगेच पुढे इशाराही दिला आहे की त्यांना खास उत्तेजन देताना जपून राहावं, कारण शिक्षण आधी त्यांच्यात रुजलं तर ते वरच्यांपर्यंत पोहोचणारच नाही. १९२८ मध्ये बाबासाहेबांनी बहिष्कृत हितकारिणी सभेच्या वतीने सायमन कमिशनपुढे जे निवेदन दिलं, त्यात हा उतारा त्यांनी मुद्दाम मांडला. १८५६ मध्ये धारवाडच्या सरकारी शाळेने एका महार मुलाला दार बंद केलं, तेही त्यात आहे. तेव्हा कोरेगावच्या लढाईला ३८ वर्षं झाली होती.

गावात काय झालं? आजचा दौंड तालुका तेव्हा बराचसा भीमथडीत मोडत होता. भीमथडीतलं गाव असो की शिरूरचं, महाराचं काम तेच राहिलं. मामलेदाराचा टपाल पोहोचवणं, महसुलाच्या थैलीबरोबर चालणं, शिवेची साक्ष देणं, साहेबाच्या मुक्कामाला लाकूडफाटा जमवणं. आधी हे पेशव्याच्या कमाविसदारासाठी होतं, आता कलेक्टरसाठी. मोबदला म्हणून वतनाचा तुकडा आणि बलुतं. नव्या सरकारने मोजणी केली, सारा बांधला. प्रिंगलची १८३० ची मोजणी फसली, मग गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी नवी बसवली. रोख साऱ्यापायी कुणबी सावकाराच्या दारात गेला. डिसेंबर १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातल्या कर्डे गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला आणि १२ मे १८७५ ला भीमथडीतल्या सुप्याच्या बाजारात वह्या-खतं जळाली. त्यावर सरकारने कमिशन नेमलं, १८७९ मध्ये दख्खन शेतकरी कायदा केला. कुणब्याने दंगा केल्यावर त्याचं ऐकलं गेलं, ते योग्यच झालं. येसकराच्या वेठीला मात्र १८७४ च्या वतन कायद्याने उलट नवं कायदेशीर कूळ मिळालं.

असंच व्हायला हवं होतं असा काही निसर्गनियम नाही. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ अमेरिकेच्या लोकांना अर्पण केली, तेव्हा तिकडे हरलेल्या दक्षिणेत लष्कराचा ताबा वेगळ्या रीतीने चालू होता. १८६७ मध्ये हरलेल्या राज्यांचे पाच लष्करी जिल्हे केले गेले, काळ्या पुरुषांना मताचा हक्क मिळाला, ते विधिमंडळांत बसले, सरकारी शाळा उघडल्या. जमीन मात्र जुन्या मालकांकडेच राहू दिली, आणि १८७७ मध्ये सैन्य मागे घेतल्यावर ते हक्क एकेक करून हिरावले गेले. १९४५ नंतर जपानमध्ये अमेरिकी लष्कराने सम्राट ठेवला, पण सरदारकी रद्द झाली, जमीनदारांच्या जमिनी सक्तीने विकत घेऊन कुळांना दिल्या गेल्या, आणि १९४७ च्या संविधानात जन्माने येणाऱ्या दर्जावरून भेदभाव करायला बंदी आली. म्हणजे जेत्याच्या मनात असेल तर तो गावाची रचना हलवू शकतो. कंपनीच्या मनात नव्हतं. तिला सारा हवा होता आणि शांतता हवी होती.

एक गोष्ट मात्र कंपनीच्या हिशेबाबाहेर घडली. छावणीत शिपायाच्या मुलांना शाळा होती, आणि तिथे जात आडवी येत नव्हती. सुभेदार रामजी सकपाळ अशाच लष्करी शाळेचे मुख्याध्यापक झाले आणि बाबासाहेबांचा जन्म महूच्या छावणीत झाला. वेशीबाहेरच्या माणसाला वेस टाळून जाणारी ही एकच वाट होती. १८९० च्या दशकात महारांची भरती बंद करून तीही बुजवली गेली. गोपाळबाबा वलंगकरांनी अर्ज केले, शिवराम जानबा कांबळ्यांनी १९१० मध्ये पुन्हा केले. त्या अर्जांत कोरेगावचा दाखला का येतो, हे आता कळेल. तो थकलेल्या देण्याचा तगादा होता.

१ जानेवारी १९२७ ला बाबासाहेब स्तंभापाशी आले आणि मार्चमध्ये महाडच्या तळ्यावर गेले. १९ मार्च १९२८ ला त्यांनी मुंबई कायदेमंडळात महार वतन विधेयक मांडलं. १९२९ मध्ये ते मागे घ्यावं लागलं. २० नोव्हेंबर १९३० ला गोलमेज परिषदेत, इंग्रजांच्या तोंडावर, त्यांनी विचारलं की तुमच्या आधी आम्हाला गावच्या विहिरीवर पाणी भरता येत नव्हतं, तुम्ही तो हक्क मिळवून दिलात का? स्तंभाला वंदन करणारा आणि इंग्रजाला हा जाब विचारणारा माणूस एकच आहे, आणि आपण त्यातला पहिलाच लक्षात ठेवला आहे.

वतन कायद्याने गेलं ते १९५८ मध्ये. एल्फिन्स्टनच्या जाहीरनाम्याला तेव्हा १४० वर्षं झाली होती. जमिनी पुन्हा वतनदारांच्या नावे करायच्या होत्या, शर्त घालून, आणि कलेक्टरच्या परवानगीशिवाय त्या विकता येत नाहीत. रांजणगाव आणि कुरकुंभला एमआयडीसी आल्यापासून या दोन्ही तालुक्यांत जमिनीला जो भाव आला आहे, तो आपल्या प्रत्येक वस्तीला माहीत आहे. आपल्या वतनाचा गट नंबर किती वस्त्यांना माहीत आहे? तलाठ्याकडे गाव नमुना १-क मागा, तहसीलमधून जुना फेरफार काढा. कोणाच्या नावावर होतं, कधी बदललं, परवानगी होती का, एवढं वहीत उतरवून घ्या. पुढच्या १ जानेवारीला येताना ती वही सोबत आणा. स्तंभ पेरण्याच्या हद्दीत, हवेलीत आहे. नदी ओलांडली की शिरूर तालुका लागतो, पुढे दौंड. मानवंदना झाली की दोन तास काढून गावागावाचे फेरफार एकत्र लावून बघू.